भिंतीवरील अग्निशामक : त्याची जपणूक व योग्य वेळी बदल

(शिक्षक परिषदेतील भाषणाचा मजकूर)



हिंगोलीचा दसरा सर्व मराठवाड्यात प्रसिद्ध आहे. त्याच्या आदल्या दिवशी, खंडेनवमीस, शेतकरी आपली औते-अवजारे धुऊन पुसून मांडतो व त्यांना हळदकुंकू वाहतो. या पूजेमागे मोठे शहाणपण आहे. वर्षभर कोपऱ्यात पडलेला विळा या निमित्ताने हाती घेतला जातो, त्याची धार गेली असल्यास ध्यानात येते, कुऱ्हाडीचा दांडा ढिला झाला असल्यास तो बसविला जातो. अवजाराची पूजा म्हणजे अवजाराची तपासणी होय. ज्या अवजारावर एखाद्या दिवशी जीव अवलंबून राहणार आहे, त्याची आठवण संकटाच्या क्षणी करून चालत नाही, हे आपल्या पूर्वजांस पक्के ठाऊक होते.

आज अनेक शाळांत असे एक अवजार भिंतीला टांगलेले दिसते की ज्याची पूजाही होत नाही व तपासणीही होत नाही. ते म्हणजे तांबड्या रंगाचे अग्निशामक नळकांडे. सर्व जण त्यास लाल सिलिंडर म्हणून ओळखतात. ते ज्या दिवशी आले त्या दिवशी जडवस्तूसंग्रहाच्या नोंदवहीत त्याची नोंद झाली. पुढे त्यावर धूळ बसली, नळीत कोळ्याने जाळे केले, पट्टीवरील तारीख पुसट झाली. काही ठिकाणी तर ते चोरीस जाऊ नये किंवा मुलांनी त्याशी खेळू नये म्हणून कपाटात कुलूपबंद करून ठेवण्यात येते. नोंदवहीत ते सुरक्षित राहते हे खरे. परंतु शाळा सुरक्षित राहते काय, हा प्रश्न तसाच उरतो.

भिंतीवर काहीच नसले तर निदान मनुष्य सावध राहतो. निकामी झालेले नळकांडे मात्र मनात खोटा विश्वास उत्पन्न करते. प्रसंग येतो तेव्हा गुरुजी धावत जाऊन ते उतरवितात, खटका दाबतात आणि आतून काहीच बाहेर पडत नाही. तोपर्यंत जे दोनचार मोलाचे क्षण गेले, ते परत मिळत नाहीत.

हा विचार शिक्षकाने का करावा, याचे उत्तर तमिळनाडूतील कुंभकोणम या गावाने दिले आहे. तारीख १६ जुलै २००४. सकाळची शाळा भरलेली होती. माध्यान्ह भोजनाच्या स्वयंपाकघरात आग लागली व ती वरच्या मजल्यावरील नारळीच्या झावळ्यांच्या छपरास पोचली. जिना अरुंद होता. ९४ बालके त्या आगीत दगावली. त्यापूर्वी २३ डिसेंबर १९९५ रोजी हरियाणातील डबवाली येथे शाळेच्या वार्षिक समारंभाच्या मंडपास आग लागून चारशेहून अधिक जीव गेले होते. आपल्या महाराष्ट्रातही ९ जानेवारी २०२१ च्या मध्यरात्रीनंतर भंडाऱ्याच्या जिल्हा रुग्णालयात नवजात बालकांच्या कक्षास आग लागली व दहा अर्भके मृत्युमुखी पडली. स्वयंपाकघर, स्नेहसंमेलनाचा मंडप, विजेची उपकरणे चालणारी खोली, या तिन्ही गोष्टी प्राथमिक शाळेच्या नित्य परिचयाच्या आहेत.

कुंभकोणमच्या दुर्घटनेनंतर सर्वोच्च न्यायालयात याचिका दाखल झाली व १३ एप्रिल २००९ रोजी न्यायालयाने निर्णय दिला. सुरक्षित शाळेत शिकणे हा बालकाच्या शिक्षणाच्या हक्काचाच भाग आहे, असा त्या निर्णयाचा आशय आहे. शासकीय असो वा खासगी असो, प्रत्येक शाळेत आग विझविण्याची साधने असावीत, ज्वालाग्राही पदार्थ शाळेत साठवू नयेत व शाळेतील कर्मचाऱ्यांस ही साधने वापरण्याचे शिक्षण द्यावे, असे त्यात सांगितले आहे. या तिसऱ्या अपेक्षेकडे विशेष लक्ष वेधणे अवश्य आहे. साधन विकत घेता येते. ते वापरण्याची सवय मात्र विकत मिळत नाही.

आता या साधनाचे मर्म पाहू. आग विझविण्याचे शास्त्र आपल्या घरातील आजीबाईस पूर्वीपासून अवगत आहे. चूल विझवावयाची असते तेव्हा ती प्रथम जळते लाकूड मागे ओढते. म्हणजे अग्नीचे इंधन काढून घेते. नंतर निखाऱ्यांवर राख लोटते; म्हणजे हवा तोडते. घाई असल्यास पाण्याचा शिपका मारते. म्हणजे उष्णता हरण करते. इंधन, हवा व उष्णता या तिहींपैकी एक काढून घेतले की अग्नी उभा राहू शकत नाही. सर्व अग्निशामके याच तत्त्वावर कार्य करतात.

एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी इंग्लंडमधील जॉर्ज विल्यम मॅन्बी या गृहस्थाने तांब्याच्या भांड्यात क्षाराचे द्रावण भरून ते दाबलेल्या हवेच्या जोराने बाहेर फेकण्याची युक्ती काढली. पुढे सोडा व आम्ल यांची नळकांडी आली. त्यांत खाण्याच्या सोड्याचे पाणी असे व आत आम्लाची काचेची कुपी असे. कुपी फुटून आम्ल सोड्यात मिसळले की कर्बद्विप्राणिद वायू, म्हणजेच कार्बन डायऑक्साइड, निर्माण होई व त्याच्या दाबाने पाणी जोरात बाहेर पडे. हा प्रकार आता वापरातून गेला आहे. परंतु त्याचा पाठ वर्गात अजूनही देता येतो. एका खोलगट भांड्यात लहानशी मेणबत्ती लावावी. तिच्याभोवती खाण्याचा सोडा पसरून त्यावर ज्योतीस न लागेल असा लिंबाचा रस पिळावा. फेस येतो, जड वायू भांड्यात साठत जातो आणि कोणी फुंकर न घालता ज्योत मालवते. चौथीच्या मुलास हा प्रयोग एकदा दाखविला म्हणजे तो जन्मभर विसरत नाही.

सध्या शाळांत व कचेऱ्यांत बहुधा दोन प्रकारची नळकांडी आढळतात. पहिला प्रकार कोरड्या भुकटीचा. त्यावर ‘एबीसी’ ही अक्षरे असतात. ‘ए’ म्हणजे लाकूड, कागद, कापड यांची आग. ‘बी’ म्हणजे रॉकेल, पेट्रोल यांसारख्या द्रवांची. ‘सी’ म्हणजे वायूची. शाळेस हा प्रकार सामान्यतः सोयीचा पडतो. दुसरा प्रकार कार्बन डायऑक्साइड वायूचा. त्याच्या तोंडाशी काळा कर्णा असतो. संगणक, विजेची पेटी यांसाठी तो उत्तम, कारण तो मागे कचरा ठेवीत नाही. मात्र वायू सुटताना कर्णा अतिशय थंड होतो, म्हणून तो उघड्या हाताने धरू नये. तसेच लहान बंद खोलीत हा वायू सोडल्यावर तेथे थांबू नये, कारण तो माणसाचाही श्वास कोंडतो. याखेरीज वाळूने व पाण्याने भरलेल्या तांबड्या बादल्या हे जुने व स्वस्त साधन आजही त्याज्य नाही. अशा बादलीचा तळ गोल करण्याची रीत आहे. ती जमिनीवर नीट उभी राहत नाही, म्हणून सडासंमार्जनासाठी कोणी पळवून नेत नाही व ती आपल्या खुंटीवर राहते. मात्र पाण्याची बादली विजेच्या वा तेलाच्या आगीवर कदापि वापरू नये.

आता देखभालीविषयी. दर महिन्याच्या पहिल्या शनिवारी पाच मिनिटे एवढाच वेळ यास पुरे आहे. नळकांडे आपल्या जागी आहे काय, त्याच्यापुढे बाके किंवा तांदळाची पोती रचली गेली नाहीत ना, हे प्रथम पाहावे. मग दाबाचा काटा पाहावा. तो हिरव्या पट्ट्यात असला म्हणजे दाब ठीक. तांबड्या पट्ट्यात गेला म्हणजे नळकांडे निकामी समजावे. खटक्यातील खीळ व तिचे मोहोरबंद शाबूत आहेत काय, नळीस भेगा पडल्या आहेत काय, तिच्या तोंडात गांधीलमाशीने माती भरली आहे काय, पत्र्यास गंज वा पोचा आहे काय, हे क्रमाने तपासावे. पट्टीवर भरल्याची व पुढील तपासणीची तारीख वाचता येते काय, हेही पाहावे. शेवटी तपासणाराने तारीख घालून सही करावी. कार्बन डायऑक्साइडच्या नळकांड्यास बहुधा काटा नसतो. त्याची परीक्षा वजनावरून होते. आतील वायूचे वजन दहा टक्क्यांहून अधिक घटले तर ते पुन्हा भरून घ्यावे लागते. हे काम जाणकाराकडून करवावे.

जागेसंबंधी दोन शब्द. नळकांडे दाराजवळ, जाण्यायेण्याच्या वाटेवर, सहज दिसेल असे टांगावे. त्याचा तळ जमिनीपासून सुमारे पाऊण मीटरवर असावा. इमारतीत कोठूनही पंधरा मीटरहून अधिक चालावे न लागता ते हाती यावे. आपल्याकडील वैशाखातील ऊन ज्या भिंतीवर थेट पडते, तेथे ते टांगू नये. स्वयंपाकघरासाठी असलेले नळकांडे चुलीच्या डोक्यावर नसावे, तर दाराबाहेर असावे. आग चुलीपाशी लागली, तर ज्वाळांतून हात घालून ते कोण काढणार?

पुनर्भरण कधी करावे व नळकांडे कायमचे कधी बदलावे, याविषयी बराच गैरसमज आढळतो. क्षणभर खटका दाबला, थोडीशीच भुकटी गेली, बाकीची आत आहे, मग भरण्याची काय गरज, असे म्हटले जाते. हे चूक आहे. बाहेर पडताना भुकटीचे कण झडपेत अडकतात, झडप पुरती बसत नाही व हळूहळू सर्व दाब निघून जातो. म्हणून एकदा वापरलेले नळकांडे, ते किती का वापरलेले असेना, भरूनच घ्यावे. न वापरलेले असले तरी पट्टीवरील मुदत संपताच ते भरून घेणे प्राप्त आहे, कारण भुकटी दमट हवेने गोठते व तिचे ढेकूळ बनते. भारतीय मानकानुसार पाण्याच्या दाबाची चाचणी भुकटीच्या नळकांड्यास दर तीन वर्षांनी व कार्बन डायऑक्साइडच्या नळकांड्यास दर पाच वर्षांनी करावयाची असते. एवढी काळजी घेऊनही वस्तूस आयुष्य असतेच. पाणी, फेस व भुकटी यांच्या नळकांड्यांचे आयुष्य दहा वर्षे व कार्बन डायऑक्साइडच्या नळकांड्याचे पंधरा वर्षे मानले आहे. त्यानंतर, किंवा पत्रा गंजून खवले पडू लागल्यास, किंवा दाबाच्या चाचणीत ते नापास झाल्यास, ते बदलावे. नवे घेताना भारतीय मानक चिन्ह व निर्मितीचे वर्ष पाहून घ्यावे. नुसता ताजा तांबडा रंग पाहून फसू नये.

जुने नळकांडे दाब असलेल्या स्थितीत भंगारवाल्यास देऊ नये, त्यास छिद्र पाडू नये व त्यावर डाग देण्याचे काम करू नये. ते परवानाधारक दुरुस्ती करणाऱ्याकडेच सोपवावे. महाराष्ट्रात २००६ चा आग प्रतिबंधक व जीव संरक्षक उपाययोजना अधिनियम डिसेंबर २००८ पासून अमलात आहे. त्यानुसार, ज्या इमारतींस तो लागू आहे त्यांच्या मालकाने वा भोगवटादाराने जानेवारी व जुलै असे वर्षातून दोनदा, आगीची व्यवस्था चालू स्थितीत असल्याचे परवानाधारकाचे प्रमाणपत्र द्यावयाचे असते. वाडीवरील दोन खोल्यांच्या शाळेनेही जानेवारी व जुलै हे दोन महिने आपल्या तपासणीसाठी राखून ठेवावेत. एक प्रजासत्ताकदिनाचा महिना, दुसरा पावसाळ्यातील. लक्षात ठेवण्यास दोन्ही सोपे आहेत.

खर्चाचा प्रश्न खरा आहे, तो नाकारून उपयोग नाही. म्हणूनच शाळा व्यवस्थापन समितीच्या सभेत पुनर्भरणाचा विषय वेळेवर मांडावा व तो कार्यवृत्तात नोंदवावा. जवळच्या पाचसात शाळांनी एकत्र मिळून भरणाऱ्यास एकाच दिवशी केंद्रशाळेवर बोलाविले, तर त्याचे हेलपाटे वाचतात व शाळांचाही वाहतुकीचा खर्च वाचतो. यात आणखी एक मोठा लाभ साधतो. जी नळकांडी त्या दिवशी रिकामी करून भरावयाचीच आहेत, ती मैदानात प्रात्यक्षिकासाठी वापरावीत. शिक्षक, स्वयंपाकी-मदतनीस ताई व समितीचे सदस्य यांपैकी प्रत्येकाने एकदा तरी खीळ ओढून खटका दाबावा. नळकांड्याचे वजन किती, आवाज किती होतो, भुकटीचा लोट किती लांब जातो, हे पुस्तक वाचून कळत नाही. पाचसहा किलोचे नळकांडे साधारणतः दहा ते वीस सेकंदांतच रिते होते, हे प्रत्यक्ष पाहिले म्हणजे प्रसंगी पहिला फवारा वाया जात नाही.

आता कळमनुरी किंवा औंढा तालुक्यातील एखादी द्विशिक्षकी शाळा डोळ्यांपुढे आणावी. दुपारचे बारा वाजले आहेत. ताईंनी खिचडीच्या फोडणीचे तेल तापत ठेवले असून त्या तांदूळ आणावयास गेल्या आहेत. तेल पेटले. अशा वेळी पहिली आज्ञा कोणती? नळकांडे उतरवा, ही नव्हे. पहिली आज्ञा मुलांसाठी: रांग करून मैदानातील झाडाखाली चला. दोन शिक्षकांपैकी एकाने मुले बाहेर काढावीत व हजेरीपट घेऊन शिरगणती करावी. दुसऱ्याने सुरक्षितपणे हात पोचत असल्यास वायूची शेगडी बंद करावी व पातेल्यावर ताट झाकावे. पेटत्या तेलावर पाणी ओतणे म्हणजे आग चौफेर उडविणे होय. आग पातेल्याबाहेर पसरली असली तरच नळकांडे वापरावे. खीळ ओढावी; दोन-तीन मीटर अंतरावर उभे राहावे; नळीचे तोंड ज्वाळेच्या शेंड्याकडे नव्हे तर बुडाकडे धरावे; खटका दाबून फवारा डावीकडून उजवीकडे फिरवावा. उघड्यावर असल्यास वारा पाठीशी घ्यावा. आपल्या पाठीमागे दार मोकळे ठेवावे. एक नळकांडे संपूनही आग हटली नाही, तर मागे फिरावे, दार लोटून घ्यावे व बाहेर पडावे. १०१ किंवा ११२ या क्रमांकावर वर्दी देण्याचे काम याआधीच कोणीतरी केलेले असावे. बंब तालुक्याच्या गावाहून येईपर्यंत बराच अवकाश जातो. म्हणूनच पहिल्या दोन मिनिटांचे मोल फार आहे. तथापि मुलांच्या जिवापुढे खिचडीचे, तांदळाचे वा इमारतीचे मोल काहीच नाही, हा क्रम कधीही उलटा होऊ देऊ नये.

शाळेत जे शिकविले जाते ते घरी पोचावे, हीच शिक्षणाची कसोटी. आपल्या जिल्ह्यात वेचणी झाल्यावर भाव येईपर्यंत कापूस राहत्या घरातच साठविण्याची रीत आहे. विजेच्या तारेची एक ठिणगी वा विडीचे एक थोटूक त्यास पुरे होते. कापसाच्या गंजीची आग वरून विझली असे दिसते व आत धुमसत राहते, म्हणून विझल्यानंतरही गंजी उलगडून भिजवावी लागते. मुलांनी घरी जाऊन एवढे जरी विचारले की, कापसाच्या खोलीत उघडी तार आहे काय, दिवा कोठे ठेवता, दाराशी पाण्याचा पिंप आहे काय, तरी पुष्कळ कार्य होईल. ज्या घरास शक्य आहे त्याने भुकटीचे एक लहान नळकांडे स्वयंपाकघराच्या दाराबाहेर ठेवावे. वायूच्या शेगडीची रबरी नळी मुदत पाहून बदलावी. वायूचा वास आल्यास विजेचे बटण चालू वा बंद करू नये, खिडक्या-दारे उघडावीत, रेग्युलेटर बंद करावा व बाहेर जाऊन १९०६ या क्रमांकावर कळवावे. या चार गोष्टी फळ्यावर लिहून मुलांकडून पाठ करून घ्याव्यात.

दरवर्षी १४ ते २० एप्रिल हा सप्ताह अग्निशमन सेवा सप्ताह म्हणून पाळला जातो. त्यामागेही कापूस आहे. १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टायकीन’ या जहाजावर कापसाच्या गाठींना आग लागली. त्याच जहाजात शेकडो टन स्फोटके भरलेली होती. आग विझविण्यासाठी मुंबईच्या अग्निशमन दलाचे जवान जहाजावर चढले. सायंकाळी चारच्या सुमारास प्रचंड स्फोट झाला, थोड्याच वेळाने दुसरा झाला, आणि कर्तव्य करीत असताना त्या दलाचे ६६ वीर कामी आले. १४ एप्रिल हा डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या जयंतीचाही दिवस होय. त्या मंगलदिनी सर्व गाव शाळेत जमते. अभिवादनानंतर पाच मिनिटे काढून त्या वीरांचे स्मरण करावे व गावकऱ्यांसमोर नळकांड्याची तपासणी करून दाखवावी.

शिक्षकबंधू-भगिनींनो, तहान लागल्यावर विहीर खणू नये, ही म्हण आपण मुलांस शिकवितो. तिचा अर्थ आपल्या भिंतीवर टांगलेला आहे. उद्या सकाळी प्रार्थनेपूर्वी प्रत्येकाने आपल्या शाळेतील नळकांड्यापाशी जावे, धूळ पुसावी, काटा पाहावा व पट्टीवरील तारीख वाचावी. ते कपाटात असल्यास बाहेर काढून टांगावे. मुदत संपली असल्यास त्याच दिवशी समितीच्या अध्यक्षांस लेखी कळवावे. नळकांडे कधीही वापरण्याची वेळ येऊ नये, हीच सर्वांची इच्छा. परंतु वेळ आलीच, तर आईबापांनी विश्वासाने पाठविलेली मुले संध्याकाळी आपापल्या घरी सुखरूप पोचावीत, यापरते शाळेचे मोठे यश दुसरे कोणते असणार?